कच्चे तामाल

ओफेलियाने झाकण उचललं, वाफेतून एक तामाल चिमट्याने बाहेर काढला आणि त्याच्यावरचं कणसाचं साल सोलून पाहिलं. मक्याचं पीठ सालाला तसंच चिकटून राहिलं. बोट लावलं तर पुरतं कच्चं, सकाळी पातेल्यात रचताना होतं तसं.

"अजून?" टेबलाशी टोमॅटो चिरत बसलेल्या मातिल्देने, तिच्या थोरल्या बहिणीने, विचारलं.

"अजून."

"पाणी आटलं असेल."

"नाणं वाजतंय की. ऐकू येत नाही का तुला?"

तळाच्या पाण्यात टाकलेलं नाणं खुळखुळत होतं. ते वाजतंय तोवर पाण्याची काळजी नाही. जाळही चांगला होता. पीठ तर ओफेलियाने स्वतः फेसलं होतं, चरबी घालून, त्याची गोळी पेल्यातल्या पाण्यावर तरंगेपर्यंत. तिच्या तामालांना नावं ठेवणारं माणूस सगळ्या वामान्तला गावात अजून जन्माला यायचं होतं. आणि नेमकं आज, लेकीला मागणी घालायला पुएब्लाहून माणसं येऊन बाहेरच्या खोलीत बसली होती, तेव्हा हे पातेलं हटून बसलं होतं.

मातिल्देने सुरी खाली ठेवली.

"म्हणजे घरात कुणीतरी रागावलंय."

हे सांगायला कुणी शहाणं लागत नव्हतं. मनात राग धरून कुणी घरात वावरलं की तामाल शिजत नाहीत, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. उपायही ठाऊक असतो. ज्याचा राग, त्याने पातेल्यासमोर नाचायचं. नुसतं मनातल्या मनात कबूल करून भागत नाही.

"माझ्याकडे बघू नकोस," मातिल्दे म्हणाली. "मला राग येतो तेव्हा गल्लीला कळतो. तुझं काय?"

"मी कशाला रागावू? पोरीचं चांगलं होतंय."

"दात ओठ खाऊन सांगतेयस ते."

ओफेलियाने झाकण पुन्हा घट्ट बसवलं. चांगलं होतंय, हेच ती महिनाभर सगळ्यांना सांगत आली होती. नवरा गेल्यापासून घरात ती आणि लेक नोएमी, दोघीच. आता लग्न झालं की नोएमी जाणार होती देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, समुद्रापलीकडे, 'ला पास' नावाच्या शहरात. होणाऱ्या नवऱ्याला, एफ्रेनला, तिथल्या हॉटेलात नोकरी लागलीय, असं नोएमीने भांडी घासता घासता, मान वर न करता सांगितलं होतं. नर्सचं काम काय, मला कुठेही मिळेल, असंही म्हणाली होती. दुसऱ्या दिवशी ओफेलियाने शेजारणीला सांगितलं होतं की नवरा नेईल तिकडे बायकोने जायचंच असतं.

पण सकाळी एफ्रेनची आई, ग्रासिएलाबाई, उंच टाचांचे बूट वाजवत आत आली, पर्स मांडीवर घेऊन ताठ बसली, आणि ओफेलियाच्या अंगाचा तिळपापड झाला. आल्या माझी पोर उचलून न्यायला, आणि वर केक घेऊन आल्या! ती तोंडभर हसली, केक सुंदर आहे म्हणाली आणि स्वयंपाकघरात निघून आली.

दारातून नोएमीने डोकं आत घातलं.

"आई, त्या विचारतायत, काही मदत हवी का?"

"नको म्हणावं. पाहुण्यांनी बसावं."

नोएमीने पातेल्याकडे पाहिलं, मग आईच्या चेहऱ्याकडे. काहीतरी बोलायचं असल्यासारखी घुटमळली. मग जास्वंदीच्या सरबताचा जग उचलून गेली. बाहेर एफ्रेनचे वडील, अन्सेल्मो, घाटात गाडी कशी तापली ते पुन्हा पहिल्यापासून सांगत होते.

मातिल्देने पातेल्याच्या दोन्ही कानांना सालाच्या पट्ट्या बांधल्या, वाईट वारा लागू नये म्हणून, आणि शेंगदाण्यांची बशी उचलली.

"हे देऊन येते. तोवर तुला काय करायचं ते करून घे. मी काही बघितलं नाही."

एकटी राहिल्यावर ओफेलियाने ॲप्रनला हात पुसले. पोटची पोर जाणार आणि वर आपणच पातेल्यासमोर उड्या मारायच्या, म्हणजे कमाल झाली. तरी तिने घागऱ्याची कड जराशी उचलली. तेवढ्यात दार उघडलं. ग्रासिएलाबाई आत आली. तिने वाफ पाहिली, बांधलेल्या पट्ट्या पाहिल्या.

"शिजत नाहीत ना?"

"गॅस मंद आहे."

"गॅसला कशाला नावं ठेवता?" ग्रासिएलाबाईने दार लावून घेतलं, पर्स खुर्चीवर ठेवली आणि एकेक बूट काढला. "सरका, विहीणबाई. हे माझं काम आहे."

आणि ती नाचायला लागली. आधी शाळेच्या कवायतीसारखी, मग खरीखुरी, फरशीवर टाचा आपटत, हात कमरेवर. ओफेलिया चिमटा हातात घेऊन बघत राहिली.

"राग येणार नाही तर काय होईल?" बाई पातेल्यालाच सांगत होती. "एकुलता एक मुलगा. कारखान्यात कायमची नोकरी. आणि तुमच्या मुलीला त्या ला पासच्या इस्पितळात जागा मिळाली, तर हा सगळं सोडून तिच्यामागे निघाला! हॉटेलात काहीतरी बघीन, म्हणतो. तिचा दोष नाही हो. गुणी आहे, मलाही आवडते. पण घशाखाली उतरत नाही. तुम्ही सकाळपासून एवढ्या हसताय, मला वाटलं, हिला काय, हिच्याच मुलीच्या मनासारखं झालंय."

ओफेलियाला नोएमीची भांड्यांवर झुकलेली मान आठवली. म्हणजे तिला कुणी उचलून नेत नव्हतं. ती स्वतःच्या पायांनी निघाली होती, आणि हे आईला सांगायला घाबरली होती. पहिल्या गोष्टीने ओफेलियाचा ऊर भरून आला. दुसरी फार लागली. शब्द अगदी ओठांवर आले होते. आमच्याकडे तर उलटं सांगितलंय, एवढंच म्हणायचं होतं. मग मुलाला बोलावणं, मुलीला बोलावणं, आणि सगळ्यांसमोर नोएमी पुन्हा मान खाली घालून उभी.

तिने चिमटा ठेवला.

"सरका तुम्ही जरा. पातेलं माझंही आहे."

"तुम्ही कशाला?"

"माझीही एकुलती एकच आहे."

मग दोघी नाचल्या. ग्रासिएलाबाईचा पाय घसरला, ओफेलियाने तिचा दंड धरला आणि दोघींना हसू आवरेना. मातिल्देने दार किलकिलं केलं, आतला प्रकार पाहिला आणि आवाज न करता पुन्हा लावून घेतलं.

जेवायला बसेपर्यंत दुपार कलली होती. तामालांची सालं अलगद सुटत होती. अन्सेल्मोंनी मोठा घास घेतला आणि डोळे मिटले.

"वा! पण मग रागावलं कोण होतं?"

"गॅस मंद होता," ग्रासिएलाबाई म्हणाली. तिचे बूट अजून स्वयंपाकघरातच होते.

ओफेलियाने हिरव्या मिरचीचा एक तामाल निवडून नोएमीच्या ताटात ठेवला. तिला तोच आवडायचा.

"तिकडे ही सालं मिळतात का, बघून घे," ती म्हणाली. "नाही मिळाली तर मी पाठवीन. पत्ता मात्र तुझ्या इस्पितळाचा दे. दिवसभर तू तिथेच असणार."

नोएमीचा हात साल सोलता सोलता थांबला. तिने आईकडे पाहिलं. ओफेलिया ग्रासिएलाबाईला आग्रह करकरून वाढत होती.

"खा गं," नोएमीकडे न बघताच ती म्हणाली. "गार झाला की मजा नाही."