रुखवतात मांडलेलं चित्रांचं पुस्तक

“ताटं-तांबे ठीक आहेत गो वहिनी, पण मधोमध पोरांचं पुस्तक? नवरीला घाई झालेली दिसते!”

नवऱ्या मुलाच्या सगुणाआत्या आपल्या भावजयीच्या, म्हणजे नवरीच्या सासूच्या, कानात हे बोलल्या, तेव्हा नवरी मागेच उभी होती. ते त्यांना ठाऊक नव्हतं. आणि मलाही ऐकू येतं हे तर कुणालाच ठाऊक नसतं. मी तेच पुस्तक बोलतोय.

माझा जन्म मुंबईच्या एका छापखान्यात झाला. छत्री घेऊन बाजाराला निघालेल्या कोल्ह्याची गोष्ट माझ्या चोवीस पानांत आहे. छापताना ठसा जरा सरकला, म्हणून कोल्ह्याचा तांबडा रंग त्याच्या अंगाबाहेर सांडलाय. आगबोटीतून आलो आणि मालगुंडच्या हरिहर मास्तरांनी मला आपल्या लेकीच्या, पद्मजाच्या हाती दिलं. सातव्या पानावर खोबरेलाचा डाग आहे, तो तिच्या वेणीचा.

ती मोठी झाली, पण मी तिच्या उशाशीच राहिलो. चौपन्न साली तिचं लग्न ठरलं. “लहान मुलांचं पुस्तक सासरी कशाला?” असं आई म्हणणार हे तिला माहीत होतं. म्हणून तिनं मला गुपचूप रुखवतात, करंज्यांच्या ताटाशी मांडून टाकलं. रुखवतात मांडलेली वस्तू कुणी मागे ठेवून घेत नाही!

इथंच चुकलं. रत्नागिरीच्या या सासरच्या घरानं मला होणाऱ्या बाळाचं पुस्तक ठरवलं. सासूबाईंनी, म्हणजे दमयंतीबाईंनी, मला दुपट्यांच्या घडीत ठेवलं आणि कपाटाला कुलूप लावलं. “बाळ आलं की काढू हो,” त्या म्हणाल्या. पद्मजा मान खाली घालून “बरं” म्हणाली. माणसं “बरं” किती वेळा खोटं म्हणतात, ते कपाटातून छान ऐकू येतं.

मग एका दुपारी कुलूप उघडलं. घर निजलं होतं. सासूबाईंनी मला मांडीवर घेतलं. त्यांना अक्षरओळख नव्हती, पण चित्रं पुरेशी होती. “मेल्या, छत्री कुणाची रे उचललीस?” त्या कोल्ह्याला दरडावायच्या आणि स्वतःच हसायच्या. छत्री त्यानं विकत घेतली होती, पण सांगणार कोण? पुढे हे रोजचंच झालं. एकदा पद्मजा पाणी प्यायला उठली, दाराशी थबकली आणि पावलं न वाजवता परत फिरली.

चैत्रात सगुणाआत्या पुन्हा आल्या. आंजर्ल्याला त्यांच्या नातवाचं बारसं होतं.

“वहिनी, ते पुस्तक देऊन टाक गो. इथं नुसतं पडून आहे. हिला मूल झालं की दुसरं आणू.”

सासूबाईंनी कमरेची किल्ली मुठीत धरली. “नेता तर न्या, वन्सं,” त्या म्हणाल्या खऱ्या, पण उठेनात. नातवंडाआधी आपल्यालाच पुस्तक हवंय, हे कुठल्या तोंडानं सांगणार?

आज माझे कोपरे दुमडलेत, पाठीला खळीनं कापडाची पट्टी चिकटवली आहे. कोनाड्यात उघडाच असतो. वाचकहो, पोरांची पुस्तकं पोरांसाठी म्हणून कोंडून ठेवू नका. चित्र बघायला वय लागत नाही. त्या दिवशी मी आंजर्ल्याला जाण्यापासून वाचलो, कारण सहा महिन्यांत मोठ्यानं एक शब्द न बोललेली पद्मजा स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर आली आणि म्हणाली,

“आत्या, बारशाला मी दुपटं शिवून देते. पुस्तक नाही देणार. ते बाळासाठी आणलेलंच नव्हतं, माझ्यासाठी आणलंय. हसायचं तर खुशाल हसा. आणि सासूबाई, दुपारी एकट्या नका बसू हो. मला उठवत जा, मी वाचून दाखवते.”