सरसाचा वास

लेकीने जिलेटिनच्या पुड्यांचा खोका ओट्यावर ठेवला. "बाबा, यात साखर नसते. गार पाण्यात भिजवायचं, गरम करून विरघळवायचं आणि फ्रिजमध्ये ठेवायचं. आई निदान एवढं तरी खाईल," ती म्हणाली आणि खोक्याला चिठ्ठीही चिकटवून गेली. मिस्त्रींनी चिठ्ठीकडे ढुंकूनही पाहिलं नाही. एक पुडी फोडली, दाणेदार पूड बोटांत चोळली, नाकाशी नेली आणि रिकाम्या स्वयंपाकघरात मोठ्याने म्हणाले, "हा तर सरस!"

आता ज्या माणसाने चाळीस वर्षं खुर्च्या-टेबलं जोडली, त्याला सरस कसा शिजवायचा हे चिठ्ठीने शिकवावं? बाजारात डब्यातला तयार गोंद आला, सगळ्यांनी घेतला, मिस्त्रींनी नाही घेतला. कातड्या-हाडांचा सरस रात्रभर भिजवायचा, मग गरम पाण्याच्या भांड्यात दुसरं भांडं ठेवून हळूहळू पातळ करायचा, उकळी मात्र येऊ द्यायची नाही. उकळला की त्याची ताकद गेली. हे जिलेटिन म्हणजे त्याचंच शाळेत जाऊन आलेलं भावंड. धुतलेलं, गाळलेलं, पण जात तीच. मिस्त्रींनी अंदाजाने हात चालवला आणि हाताला सवय होती ती जोड पक्का बसवायची. चार पुड्या एका वाटीत गेल्या.

दुसऱ्या दिवशी, बुधवारी सकाळी, वाटी उपडी केली तर आतला गोळा ताटलीवर टणकन आपटला. चमचा रुतेना.

"काय आणलंत?" आतल्या खोलीतून बायकोने विचारलं.

"जेली."

"वास सरसाचा येतोय."

चाळीस वर्षं तिने या वासाशी भांडण केलं होतं. मिस्त्री कामावरून आले की दारातच, "आधी हात धुऊन या." मग दोनदा धुवायला लावायची. ती स्वतः गोळ्या-चॉकलेटच्या कारखान्यात पाकाच्या कढईवर होती. तिच्या अंगाला जळक्या साखरेचा वास यायचा, आणि तो मात्र मिस्त्रींनी कायम निमूट सहन केला, असं ते सांगत. खरं तर तो त्यांना आवडायचा. पण हे तिला त्यांनी कधी सांगितलं नव्हतं. मिस्त्रींना लाकडाशी बोलता यायचं, माणसाशी बोलायचं म्हटलं की दातखीळ बसायची.

मिस्त्रींनी ताटली आत नेली. तिने तो गोळा बोटाने दाबून पाहिला. "स्टुलाचा पाय डुगडुगतोय तो जोडा याने," ती म्हणाली. आणि तोंड भिंतीकडे फिरवलं. अकरा दिवसांत तिने केलेली ही पहिली थट्टा. मिस्त्रींना इतकं बरं वाटलं, की ती जेवली नाही हे क्षणभर त्यांच्या लक्षातच आलं नाही.

पण अकरा दिवस जवळजवळ उपाशी राहणं म्हणजे काही चेष्टा नव्हे. मधुमेह वीस वर्षांचा. दोन महिन्यांपूर्वी डावा पाय गुडघ्याखाली काढला. इस्पितळातून घरी आली तेव्हा तिने मिस्त्रींचा हात धरून शपथ घ्यायला लावली होती, की पुन्हा तिथे नेणार नाही, काहीही झालं तरी. त्यांनी शपथ घेतली. त्यानंतर तिने हळूहळू खाणं सोडलं. घोटभर पाणी, घोटभर सूप, आणि अलीकडे सूपही नाही. दिवसाआड चार वाजता तपासायला येणाऱ्या सिस्टरने मंगळवारी दारात उभं राहून हलक्या आवाजात सांगून टाकलं होतं, "गुरुवारपर्यंत वाटीभर तरी काही पोटात गेलं पाहिजे. नाहीतर मला इस्पितळाची गाडी बोलवावी लागेल. नाकातून नळी घालतील. माझ्या हातात काही नाही, मिस्त्री."

म्हणजे शपथ मोडायची की राखायची, ते एका वाटीवर येऊन ठेपलं होतं.

गुरुवारी सकाळी मिस्त्रींनी चष्मा लावून चिठ्ठी वाचली. एक पुडी, दोन वाट्या. शेवटच्या दोन पुड्या उरल्या होत्या. चूक करायला फार जागा नव्हती. त्यांनी दूध घेतलं. वास मारायला संत्र्याची साल किसून घातली. मग आत जाऊन विचारलं, "आज दुधाची करतो. खाशील?"

"साखर घालणार असाल तर खाईन."

"अगं, साखर कशी घालणार?"

"डब्यातून काढून, चमच्याने." ती त्यांच्याकडे सरळ बघत होती. "ती गोडीची गोळी नको. खरी साखर. चार चमचे. नाहीतर नको."

मिस्त्री स्वयंपाकघरात परत आले. साखरेचा डबा पाहुण्यांसाठी वरच्या फळीवर असे. त्यांनी तो खाली काढला आणि चमचा मुद्दाम डब्यावर चारदा वाजवला, आत ऐकू जाईल असा. मग झाकण लावून डबा वर ठेवला आणि भांड्यात शुगर-फ्रीच्या गोळ्या टाकल्या. औषधांनी तिच्या जिभेची चव केव्हाच नेली होती. जी बाई पाकाचा थेंब जिभेवर ठेवून कढई उतरवायची की नाही ते सांगायची, तिला आता गोड आणि खारट यांतला फरक जेमतेम कळत होता. मिस्त्रींना हे ठाऊक होतं, म्हणूनच त्यांनी हे धाडस केलं. तिच्या मेलेल्या जिभेचा फायदा घेतला, आणि भांडं ढवळताना त्यांना स्वतःची लाज वाटली.

दोनच्या सुमारास वाट्या सेट झाल्या. पांढऱ्याशुभ्र, हलवल्या की थरथरणाऱ्या. पहिला चमचा त्यांनी तिच्या ओठाशी नेला.

"घातली?"

"घातली."

"चार?"

"चार."

तिने तोंड उघडलं. एक चमचा, मग दुसरा, तिसरा. पाचव्या चमच्याला ती म्हणाली, "माझी चांगली शाल लेकीला द्या. तुम्ही ठेवाल आणि कसर लागेल."

"देऊ. घाई काय आहे?"

"विजेचं बिल माझ्या नावावर आहे, ते बदलून घ्या. आणि भांडी घासताना पाणी धो-धो सोडू नका." आणखी एक चमचा. तिने तो सावकाश गिळला. "डॉक्टर वीस वर्षं सांगताहेत, साखर तुला विष आहे म्हणून. चार चमच्यांना किती वेळ लागेल हो?"

मिस्त्रींचा चमचा वाटीतच राहिला. आत्ता कुठे त्यांच्या डोक्यात उजेड पडला. तिला गोड नको होतं. साखर नाही असं सांगावं तर ती तोंड मिटणार आणि चार वाजता गाडी येणार. न सांगावं तर ती अशीच पडून वाट बघणार. वाटीत अजून अर्धी जेली होती. घड्याळात सव्वादोन झाले होते.

"खा," ते म्हणाले. आणि चमचा पुन्हा भरून पुढे केला.

तिने वाटी संपवली. मग डोळे मिटून हात पोटावर ठेवून पडून राहिली, चेहरा अगदी निवांत. मिस्त्री शेजारच्या स्टुलावर बसले. स्टुलाचा पाय डुगडुगत होता. पावणेदोन तास ते तिच्या छातीकडे बघत बसले. ती मरणार नाही हे त्यांना पक्कं माहीत होतं, आणि तरीही ती आपल्यासमोर मरते आहे असंच त्यांना वाटत राहिलं.

चार वाजता सिस्टर आली. रिकामी वाटी बघून तिने टाळीच वाजवली. "अगं बाई! सगळी संपवली?" आणि बोटाला सुई टोचून रक्ताचा थेंब यंत्राला लावला. मिस्त्रींना तिला थांबवायचं होतं. बाहेर बोलावून कानात सांगायचं होतं, की आकडा मोठ्याने वाचू नकोस. पण बोलायच्या वेळी त्यांची जीभ कधी उचलली होती, ती आज उचलावी?

"एकशे छत्तीस!" सिस्टर खुशीत म्हणाली. "एवढी छान तर माझीपण नसते. गाडीचं आज रद्द करते, बरं का काकू. अशाच खात राहा."

सिस्टर गेली. बायकोने डोळे उघडले. तिला आकडे कळत होते. वीस वर्षं ती त्या आकड्यांत जगत होती. तिच्या चेहऱ्यावरचा निवांतपणा गेला होता.

"मिस्त्री," ती म्हणाली. सगळं जग त्यांना मिस्त्री म्हणायचं, ती मात्र फक्त फार रागावली की. "डबा वाजवलात. मी मोजलं, चार वेळा."

"नळी घातली असती त्यांनी. तुला शब्द दिला होता मी."

"त्या शब्दासाठी खोटं बोललात?"

"नाही." मिस्त्री उठले, पुन्हा बसले. "मला एकट्याला जमणार नाही. म्हणून." आणि मग चाळीस वर्षं असं काही न बोललेला माणूस लहान मुलासारखा ओक्साबोक्शी रडायला लागला.

ती बघत राहिली. जवळ घेतलं नाही, हातही पुढे केला नाही. मग म्हणाली, "हे आधी म्हणायला तोंड नव्हतं का? पाय कापला तेव्हा 'जगलीस, बरं झालं' असंही कुणी म्हणालं नाही मला. तुम्ही स्टूल दुरुस्त करू करू म्हणत बसलात."

मिस्त्रींनी डोळे पुसले. "फ्रिजमध्ये दुसरी वाटी आहे," ते म्हणाले. "साखर नाही तिच्यात. उद्या खाशील?"

"आजची तुम्ही लबाडीने खाऊ घातलीत. उद्याची मला विचारून घाला."

"आणि नाही म्हणालीस तर?"

"तर गाडीही बोलवायची नाही. तुमचा शब्द आहे."

ती पुन्हा भिंतीकडे वळली. मिस्त्री रिकामी वाटी घेऊन उठले, तेव्हा तिने मागे न बघताच सांगितलं, "आधी हात धुऊन या. वास येतोय."

त्यांनी दोनदा हात धुतले, नळ बारीक सोडून. मग परत येऊन त्याच डुगडुगत्या स्टुलावर बसले, आणि सकाळी तिला कसं विचारायचं ते मनातल्या मनात पुन्हा पुन्हा म्हणून बघू लागले.