रश्शात न पडलेली चकती

मी बकरीच्या दुधाच्या चीजची एक चकती आहे. वय एक दिवस. त्यामुळे माझी कहाणी फार लांबणार नाही.

माझं दूध सौंसर गावच्या देवकाबाईंच्या बकरीचं. आमच्याकडे बकरीचं दूध मागायला कोणी आलं, की त्यांच्या घरी लेकरू आजारी आहे असं समजतात. काल सकाळी शेजारची सोनाली डबा घेऊन गेली, तेव्हा देवकाबाईंनी विचारलं, "कोणाले ताप आला वं?"

"कोणाले नाही, काकू. तळाचं आहे."

"दूध तळते काय?"

"आधी फाडाचं, मंग तळाचं."

देवकाबाईंनी दूध दिलं. बकरीला मात्र त्यांनी यातलं काही सांगितलं नाही.

दूध तापलं, त्यात लिंबू पडलं, ते फाटलं. माझं बालपण फडक्यात बांधलेल्या अवस्थेत, मोरीच्या नळाला लटकून गेलं. तिथे पाणी गळू देणं एवढंच काम होतं. संध्याकाळी सोनालीने मीठ लावून आम्हा सहा बहिणींना गोल आकार दिला आणि फ्रिजमध्ये ठेवलं.

फ्रिजमधून घरातलं सगळं ऐकू येतं. सोनाली नागपुरात हॉटेलचा कोर्स शिकून आली होती. तिथल्याच एका हॉटेलात सॅलड बनवण्याची नोकरी चालून आली होती, आणि हो की नाही ते आज पाच वाजेपर्यंत कळवायचं होतं. तिचे बाबा सुखदेव नगरपालिकेत आहेत, गावाला पाणी सोडतात. ते म्हणत, "स्वयंपाकच कराचा होता, तं घरी गॅस नव्हता काय?" त्यांनी नाही म्हटलं नव्हतं. हो पण म्हटलं नव्हतं. सोनाली वाद घालणारी नाही. ती एवढंच म्हणाली, "रविवारी एकदा माझ्या हातचं खाऊन पाहा, बाबा."

आज रविवार. तिने कोवळा पालक धुऊन कोरडा केला. त्यात काकडी आणि संत्र्याच्या सोललेल्या फोडी घातल्या. संत्र्याचा रस, तेल, मीठ आणि मिरपूड घुसळून वरून ओतलं. मग चार बहिणींना अंड्यात बुडवलं, कुटलेल्या टोस्टमध्ये घोळवलं, तळलं आणि पानांवर ठेवलं. पानं थंड, चकती गरम, दोन्ही एकाच घासात. या पदार्थात याहून जास्त काही नाही. ती बाबांना बोलवायला अंगणात गेली.

तेवढ्यात तिची आई वत्सलाबाई आत आल्या. या सॅलडने कोणाचं पोट भरणार नाही म्हणून त्यांनी रस्सा आणि भाकरी करूनच ठेवल्या होत्या. तळलेली वडी म्हणजे रश्शात सोडायची, हे त्यांना लहानपणापासून माहीत होतं. त्यांनी चारही बहिणी एकेक करून, चमच्याने, काळजीपूर्वक रश्शात सोडल्या.

सुखदेव पाटावर बसले. समोर नुसती पानं होती. "दूध बकरीचं, पाला बी बकरीचा," ते म्हणाले. "मंग बकरीलेच जेवाले बोलवाचं होतं."

कोणी हसलं नाही. सोनालीने रश्शाच्या गंजात पाहिलं. माझ्या बहिणी तरंगत होत्या.

"आई?"

"कोरड्या होत्या माय. म्हटलं, घशाखाली कशा उतरतील."

सोनालीने आम्हाला फ्रिजमधून काढलं, अंड्यात बुडवून टोस्टमध्ये घोळवलं. तिने गॅस लावला. आम्ही दोघीच उरलो होतो. आईने मदतीला चमचा पुढे केला.

"हात नको लावू, आई. हे माझं काम आहे."

या आवाजात ती घरात आधी कधी बोलली नसावी. सुखदेव भाकरी मोडता मोडता थांबले. मी तेलात होते, तरी मला ते दिसलं.

"बस तू," ते वत्सलाबाईंना म्हणाले. "मी बी पाण्याच्या व्हॉल्वले कोणाले हात लावू देत नाही."

"मी काय परकी हाओ?"

"आता हायेस."

सोनालीने आम्हाला पानांवर ठेवलं. सुखदेवांनी माझ्या बहिणीचा तुकडा, पान आणि संत्र्याची फोड असा घास घेतला. बराच वेळ चावला.

"आंबट हाये."

"हो, बाबा."

"अन् गरम."

"हो."

"रश्शातल्यापेक्षा बरं हाये."

वत्सलाबाईंनी गंजावर झाकण ठेवलं.

"फोन पाचले कराचा हाये ना?" सुखदेव म्हणाले. "आताच करून टाक. मंग लाइन लागत नाही."

सोनाली फोन घेऊन दारात गेली. आतापर्यंत दोनदा "हो सर" आणि एकदा "बाबांना विचारलं" म्हणून झालं आहे. बाबा मान हलवत ऐकत बसले आहेत. त्यांचा हात ताटात आहे, पण माझ्यापर्यंत येत नाही.

माझं वरचं कवच मऊ पडू लागलं आहे. मला गरम वाढता यावं म्हणून ती सकाळपासून उभी होती, आणि आता मला तीच विसरली आहे. माझी एकच विनंती आहे. तिला हाक मारू नका. तिचं बोलणं होऊ द्या. मी थंड झाले तरी चालेल.