साबणाच्या जाहिरातीतला विलाप

गुडघ्यांच्या व्यायामवर्गात शिकवणाऱ्या मुलीने नवं गाणं लावलं आणि मावशी मधेच थबकल्या. तरुणपणी त्या एका ऑपेराच्या कोरसमध्ये गायच्या. नऊ प्रयोगांत तो बंद पडला आणि पुढे सगळे त्याला विसरले. त्याच्या शेवटच्या अंकात एक आई मुलाच्या प्रेतापाशी विलाप करते. तीच चाल आता धडधडत्या ठेक्यावर वाजत होती.

“मावशी, दमलात का?”

“अगं, हे रडणं आहे, पोर गेलेल्या आईचं.”

“काहीतरीच काय! साबणाच्या जाहिरातीतलं आहे हे.” तरी तिने गाणं बंद केलं. “मूळचं म्हणून दाखवा ना.”

मावशींनी खूप आठवून पाहिलं. पण आईच्या ओळी त्यांना कधी गायलाच मिळाल्या नव्हत्या. त्यांच्या वाट्याला होतं ते तिच्यामागे उभं राहून नुसतं ‘आ’ लावणं. त्यांनी तेवढंच गायलं. आवाज दोनदा चिरकला.

“छान,” वर्गातल्या बायकांपैकी कुणीतरी म्हणालं.

“लाव बाई तुझं साबणाचं,” मावशी म्हणाल्या, “नाहीतर सगळ्यांचे पाय आखडतील.”

उरलेला व्यायाम त्यांनी खुर्चीत बसून केला.