वाट्यानं दिलेली बारकी

सिद्धनाथला आकडे कळतात, माणसं कळत नाहीत, असं त्याची आई कोंडाबाई चारचौघांत म्हणायची, आणि हा बहाद्दर ते कौतुक समजायचा. पालीच्या दूध संकलन केंद्रावर तो दुधाची फॅट मोजायचा. सकाळ-संध्याकाळ तिथं, आणि मधला सगळा वेळ मोबाईलवरच्या 'रानजीव' नावाच्या गेममध्ये.

या गेममध्ये रस्त्यानं चालता चालता जीव सापडतात. त्यांना पकडायचं, पोसायचं आणि दुसऱ्यांच्या जीवांशी झुंजवायचं. प्रत्येक जीवाचे मार, ढाल आणि दम असे तीन गुण, आणि तिन्ही मिळून एक ताकदीचा आकडा. पुरेसा चारा साठला की जीवाचं रूप पालटता येतं. लहानाचा मोठा होतो आणि त्याचा आकडा एकदम चढतो. किती चढेल हे गेम आधी सांगत नाही, आणि एकदा पालटलेलं परत होत नाही. त्यामुळे लोक घाबरत घाबरत बटण दाबतात आणि मग कपाळाला हात लावतात.

सिद्धनाथ मात्र आधी सांगायचा. बाकीचे सरासरीनं गुणाकार करायचे आणि शंभर-दोनशेनं आपटायचे. त्याला एक गोष्ट उमगली होती. पालटताना जातीचे गुण बदलतात, पण त्या एका जीवाला जन्मताना मिळालेलं कमी-जास्त त्याच्याबरोबर तसंच पुढं जातं. तो आधी ते हुडकायचा, मग नव्या जातीत घालून बघायचा, सगळं तोंडी. वेल्ह्यापासून भोरपर्यंतच्या गेमवाल्यांचा व्हॉट्सअॅप ग्रुप होता, त्यात दिवसभर विचारणा चालायची, 'सिद्धूभाऊ, ही पालटली तर कितीची होईल?' तो आकडा टाकायचा आणि तो बहुतेक वेळा बरोबर यायचा. डोक्यात हवा जायला माणसाला याहून जास्त काही लागत नाही.

गेमचा नाद त्याला लावला तो त्याच्या थोरल्या बहिणीनं, वर्षाराणीनं. लग्नाआधी ती आणि तो राजगडाच्या वाटेवर ट्रेकवाल्यांना ताक विकायची. गिऱ्हाईक नसलं की दोघं मोबाईलमध्ये डोकं घालून बसायची. तिथंच, ताकाच्या हंड्यापाशी, वर्षाराणीला एक मोठ्या कानांचा, मुंगसाएवढा जीव सापडला. तिनं त्याचं नाव बारकी ठेवलं. पुढं कुठंही जाताना ती बारकीला सोबत घ्यायची. सोबतीच्या जीवाबरोबर आपण किती चाललो, ते गेम मोजून ठेवतो. बारकीबरोबर ती गडावर किती वेळा चढली-उतरली असेल, त्याला सुमार नाही.

मग ती भोंगवलीला नांदायला गेली. सासर वाईट नव्हतं, पण मोठं होतं आणि कामाचं होतं, आणि तिथं सुनेच्या हातात घटकाभर मोबाईल दिसला की घसे खाकरले जायचे. लग्नात नवऱ्यानं ताटातल्या तांदळात तिचं नवं नाव लिहिलं होतं, प्रेरणा. सगळं घर तिला तेच म्हणायचं. पहिल्या दिवाळीला ती माहेरी आली, तेव्हा ओसरीत, आईदेखत, तिनं आपलं गेमचं खातं पासवर्डासकट भावाच्या हवाली केलं.

"वाट्यानं देते तुला," ती हसून म्हणाली. "नवं घावंल ते निम्मं तुजं."

वाट्यानं देणं म्हणजे काय, हे धनगराच्या पोराला सांगावं लागत नाही. ज्याला जमत नाही तो आपली शेळी दुसऱ्याला सांभाळायला देतो. सांभाळणारा तिला चारतो, करडं निम्मी निम्मी वाटून घेतात. पण मूळ जनावर धन्याचंच. त्याला न विचारता ते विकायचं नाही, कापायचं नाही, कुणाला द्यायचं नाही.

"फकस्त बारकीला पालटू नगंस," वर्षाराणी म्हणाली.

"का गं? लई भारी व्हईल ती. म्या सांगतो किती..."

"नगं सांगूस. माजं समदं पालटलं, नाव सुदिक. येवढी एक बारकी ऱ्हाऊ दे."

ती हे हसत हसतच म्हणाली. तोही हसला आणि त्यानं शब्द दिला.

भोरला राजवाड्यासमोर एका रविवारी गेमवाले जमले होते. त्या दिवशी मोठ्या कानांच्या जातीचा जीव पालटला, तर त्याला झुंजीत टाकायचा एक खास डाव मिळणार होता. भोरात मोबाईल कव्हरचं दुकान चालवणारा फरदीन तिथं होता. फरदीन बोलायला तिखट, मनात काही ठेवणारा नाही.

"सिद्धूभाई, घरी बसून आकडे टाकता तुम्ही," तो सगळ्यांदेखत म्हणाला. "बरोबर आला तर वाहवा, चुकला तर मेसेज डिलीट. आज इथं सांगा आणि इथंच दाबा."

लोक हसले. सिद्धनाथच्या कानाच्या पाळ्या तापल्या. त्यानं आपलं खातं उघडलं, तर त्या जातीचे त्याचे सगळे जीव आधीच पालटलेले. 'माझ्याकडं नाही' म्हणून मोकळं होता आलं असतं. तिथं कुणी त्याच्या मानेवर सुरी ठेवली नव्हती. पण त्यानं बहिणीचं खातं उघडलं. बारकी कान हलवत उभी होती, आणि वर्षाराणीनं चालून चालून साठवलेला चारा भरपूर होता.

"बावीसशे चौदा," तो म्हणाला.

"वर-खाली किती?"

"काही नाही. बावीसशे चौदा."

आणि त्यानं दाबलं. पडदा पांढरा झाला, कान आत गेले, शिंगं आली, छाती रुंदावली. आकडा सरसर चढत गेला आणि थांबला. बावीसशे चौदा. एकच गलका झाला. फरदीननं तर त्याचा हात धरून वर केला. तेवढ्यात कुणीतरी पडद्यात डोकावून म्हणालं, "या रेड्याचं नाव बारकी?" सगळे खो खो हसले.

सिद्धनाथही हसला. बटण दाबण्यापेक्षाही हे हसणं वाईट होतं, आणि ते त्याला एसटीत बसल्यावर कळलं. खिडकीशी बसून त्यानं मोबाईल उघडला, बघितला, बंद केला, पुन्हा उघडला. तो रेडा तिथंच उभा, खाली नाव बारकी. आपल्याला इतकी लाज वाटू शकते, हे त्याला ठाऊक नव्हतं.

लाज वाटली की शहाणा माणूस कबूल करतो. सिद्धनाथनं अक्कल चालवली. दोन दिवस वेल्ह्याच्या रस्त्यानं फिरून त्यानं बहिणीच्या खात्यात त्याच जातीचा तसलाच लहान जीव पकडला आणि त्याला बारकी नाव दिलं. पालटलेलीचं नाव पुसून टाकलं आणि तिला यादीत पार तळाला ढकललं. ताई कुठं आकडे बघते, असं त्यानं स्वतःला सांगितलं. त्या रात्री त्याला झोपही लागली, हे विशेष.

पण फरदीननं त्या दिवसाचा व्हिडिओ काढला होता. तो फिरत फिरत शेजारच्या ज्ञानूच्या मोबाईलवर आला, आणि ज्ञानू मोठ्या कौतुकानं तो कोंडाबाईला दाखवायला घेऊन आला. "काकी, सिद्धूनं भोर गाजवलं बघा!" कोंडाबाई शेळ्यांना पाला टाकत होती. तिनं हात पुसले, मोबाईल लांब धरून सगळा व्हिडिओ बघितला. ज्ञानू गेल्यावर तिनं सिद्धनाथला विचारलं,

"बारकी म्हंजी वर्षाची न्हवं? ताकापाशी घावल्याली?"

"व्हय."

"तिला पुसलं व्हतंस?"

सिद्धनाथ पाल्याची पेंढी सोडू लागला.

"तिनं नगं म्हणलं व्हतं," कोंडाबाई म्हणाली. "माज्यासमोरच म्हणली व्हती, आपल्याच वसरीत."

"आये, ते मोबाईलमधलं हाय. खरं जनावर न्हाई ते."

"जनावर खोटं असंल. तू तिला दिलेला सबुद बी मोबाईलमधलाच व्हता का?"

कोंडाबाईनं आरडाओरडा केला नाही. ती गोठ्यात गेली आणि आपली तांबडी पाठ, अजून न व्यालेली, कळपातली सगळ्यात देखणी शेळी, दावं लावून बाहेर घेऊन आली. वाट्याचं जनावर आपल्या चुकीनं गेलं, तर आपल्यातलं एक द्यायचं, ही तिच्या सासऱ्यापासूनची रीत.

"ही घिऊन भोंगवलीला जा. तिच्या दारात बांध, आन् काय केलंस ते आपल्या तोंडानं सांग."

"लोक हसतील आये."

"हसू देत की. त्या दिशी तू बी हसलास, दिसलं मला."

सिद्धनाथ निघाला. एसटीत पाठ एकसारखी ओरडत होती, आणि नसरापूरला उतरल्यावर ओळखीच्या एका टेम्पोवाल्यानं "काय सिद्धूशेठ, डेअरी सोडून शेरडं?" म्हणून गंमत केलीच. किकवीपर्यंत तो वडापच्या, माणसं कोंबून नेणाऱ्या जीपमध्ये, मागच्या बाजूला, पाठीला मांडीवर घेऊन बसला. वाटेत त्यानं मनात वाक्यं जुळवली. ताई, माझ्याकडून चूक झाली. ताई, मला माफ कर. वाक्यं चांगली होती. पण मोबाईलमध्ये ती दुसरी बारकीही होती, आणि भोंगवली जवळ येईल तसा त्याचा हात सारखा त्या खिशाकडं जात होता.

दारात वर्षाराणीची सासू अंबूबाई शेंगा निवडत बसली होती. तिनं आत हाक मारली, "प्रेरणा, तुजा भाऊ आलाय गं. संगट पाठ बी हाय!"

वर्षाराणी धावतच बाहेर आली. पीठ लागलेले हात, कपाळावर घाम, आणि तोंडभर हसू. पाठीच्या मानेखाली खाजवत तिनं भावाला मागच्या अंगणात नेलं. तिथं कुणी नव्हतं.

"आदी माजी बारकी दाव," ती म्हणाली. "कवाधरनं बघितली न्हाई."

आता सांगायचं होतं. त्याच्यासाठीच आईनं पाठवलं होतं, त्याच्यासाठीच शेळी सोबत दिली होती. सिद्धनाथनं गेम उघडला आणि मोबाईल तिच्या हातात दिला. पडद्यावर मोठ्या कानांचा लहानसा जीव, खाली नाव बारकी.

"आगं बाई! हाय की तशीच!" तिनं पदरानं बोटं पुसली आणि पडद्यावर टेकवली. मग सवयीनं तिनं त्या जीवाची माहिती उघडली. ताकद बघितली नाही, मार-ढाल बघितली नाही. सोबत किती चाललो, ते बघितलं. तिथं शून्य होतं.

तिनं माहिती बंद करून पुन्हा उघडली. "ही ती न्हाई," म्हणाली. "ती कुटं हाय?"

त्यानं मोबाईल घेतला, यादी पार तळापर्यंत सरकवली आणि परत दिला. वर्षाराणीनं तो शिंगांचा, रुंद छातीचा जीव नीट बघितला. माहिती उघडली. चाललेलं अंतर सगळं होतं तिथं, गडाची सगळी चढ-उतार.

"हिचं नाव बी काढलंस?"

त्याला वाटलं, हिनं एक मुस्काटात द्यावी. लहानपणी द्यायची तशी. पण ती शांतपणे विचारत होती.

"कितीची झाली?"

"बावीसशे चौदा."

"तू आदी आकडा सांगितलावतास, तेवडीच?"

"व्हय."

"मंग चुकला न्हाईस तू," ती म्हणाली.

सिद्धनाथला मान वर करता येईना. पाठ त्याच्या पायाशी कोंबड्यांची भाकरी हुंगत होती. पुढच्या दारातून अंबूबाईच्या शेंगा सुपात पडल्याचा आवाज येत होता.

"आन् ही पाठ?"

"आयेनं दिलीय. रीत म्हणून. वाट्याच्या बदल्यात."

"म्हंजी आयेला ठावं हाय," वर्षाराणी म्हणाली. "आयेला ठावं हाय, तू इतक्या लांब पाठ घिऊन आलास, आन् तरी बी आदी मला ही दुसरी दावलीस."

"ताई..."

"येक सांग, सिद्धू. खरं सांग. मला वळकू आली नसती, तर सांगितलं असतंस?"

हो म्हणता आलं असतं. एवढासा शब्द, आणि तिनं कदाचित मानलाही असता. लहानपणापासून ती त्याचं सगळं मानत आली होती. म्हणूनच तर खातं दिलं होतं.

"न्हाई," तो म्हणाला.

वर्षाराणीनं मान हलवली. मोबाईल त्याच्या हातात परत दिला, आणि पाठीचं दावं खुंट्याला बांधलं.

"बसा," ती म्हणाली. "च्या टाकते, घिऊन जावा."

ती आत गेली. तिच्या सासरचे पाहुणे आले की ती असंच म्हणायची. भावाला अहोजाहो तिनं जन्मात केलं नव्हतं. सिद्धनाथ अंगणातल्या दगडावर बसला, आणि चहाची वाट बघत राहिला.