साठ पिवळ्या आणि एक फांदी

नोटिशीवर तिचं पूर्ण नाव होतं. बावीस वर्षांत कार्यालयाने ते पहिल्यांदाच लिहिलं, आणि तेही आरोपाखाली. एरवी साहेबांपासून पहारेकऱ्यापर्यंत सगळे तिला कुंचलाबाई म्हणत. औषधी झाडांच्या त्या संशोधन बागेत एका फुलाचे पराग दुसऱ्याला लावायचं काम तिचं, आणि त्यासाठीचा बारीक कुंचला सदैव तिच्या कानामागे खोचलेला.

पिवळीच्या साठ झुडपांना सलग दोन वर्षं फळ धरलं नाही, कारण पाणी आणि निगा यांत निष्काळजीपणा, असा मजकूर होता. सिद्ध झालं तर बडतर्फी. निवृत्तीला दोन वर्षं उरलेली. तिच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. निष्काळजीपणा म्हणे! चोर सोडून संन्याशाला फाशी.

थंडी सरताना, पानं फुटायच्याही आधी, पिवळी नखशिखांत फुलते. लोक ती शोभेसाठी कुंपणाला लावतात. बागेला मात्र तिच्या फळाशी मतलब, कारण तापावरच्या काढ्यात ते पडतं. आणि फळाची सगळी गोम फुलात आहे. काही झुडपांच्या फुलात मधली काडी लांब असते, काहींच्यात आखूड. लांब काडीला आखूडवाल्याचे पराग लागतात, आखूडला लांबवाल्याचे. आपल्यासारख्याच फुलाशी पिवळीचं जमत नाही. हे तिला जुन्या बाईंनी, म्हणजे बागेतल्या आधीच्या शास्त्रज्ञ बाईंनी, पहिल्याच आठवड्यात भिंगाखाली दाखवलं होतं. बी पेरलं तर दोन्ही प्रकार येतात, साधारण निम्मे निम्मे. फांदी लावली तर नुसती आईची नक्कल. आई लांब तर लेकी झाडून सगळ्या लांब. यात न कळण्यासारखं काय आहे? शाळा अर्ध्यावर सोडलेल्या बाईला ते एका दुपारी कळलं होतं.

साहेबांना कळलं नाही. ते बदलून आले तेव्हा कोणी पाहुणे बाग बघायला यायचे होते, आणि पिवळीचा ताटवा त्यांना ओबडधोबड वाटला. सर्वांत मोठ्या फुलांचं, लांब काडीचं एक झुडूप त्यांनी निवडलं, त्याच्याच साठ फांद्या सरळ ओळींत लावायला सांगितल्या आणि बाकीची झुडपं, ते निवडलेलं जुनं झुडूपसुद्धा, उपटायचा आदेश काढला. ‘निरुपयोगी झुडपे, कचरा म्हणून विल्हेवाट लावावी.’ खाली लफ्फेदार सही. ती तीनदा सांगायला गेली, की आखूडवाली राहू द्या, नाहीतर फळ धरायचं नाही. तिन्ही वेळा साहेबांनी मान वर न करता एकच उत्तर दिलं.

"लेखी अर्ज करा."

तिने तीन अर्ज केले. ते कुठल्या फायलीत निजले देव जाणे. पुढे प्रयोगशाळेने तपासून कळवलं की साठही झुडपांची जनुकं तंतोतंत एकसारखी आहेत, तेव्हा साहेबांनी तो कागद चौकट करून खोलीत टांगला. एकसारखी म्हणजे साठ झुडपं नव्हतीच ती, एकच झुडूप साठ जागी उभं होतं. मांडवात साठ नवऱ्या आणि नवरदेवाचा पत्ता नाही, आणि दोष कुणाला? पाणी घालणारीला!

कचऱ्याची गाडी निघाली त्या दिवशी तिने आखूडवाल्याची एक फांदी उचलून घरी नेली होती आणि दारातल्या गळक्या बादलीत लावली होती. ती जगली, फुलली, पण एकटीच, म्हणून तीही वांझ. नवरा चिडवायचा, "तुझ्या पिवळीला एखादं स्थळ बघ गं." नोटीस आली तसा तो चिडवायचा थांबला. बागेचं झाड घरी नेलंस, आता ते दाखवलंस तर चोरी म्हणतील, असं त्याने बजावलं. भीती तिलाही होती. पण न दाखवावं तर निष्काळजी ठरायचं, आणि ते तिला चोर ठरण्याहून जास्त झोंबत होतं.

कार्यालयाच्या रिवाजाप्रमाणे चौकशी तीनदा पुढे ढकलली गेली, तोवर पिवळी फुलली. तिने घरची फुलं जेवणाच्या डब्यात घालून आणली, ओळीतल्या पहिल्या झुडपाची एकच फांदी निवडली, तिला लाल दोरा बांधला आणि कुंचल्याने फूल न् फूल पुसून काढलं. मग तोंड मिटून सगळ्यांना सारखं पाणी घातलं.

चौकशीला दोन अधिकारी बाहेरून आले, तेव्हा पानं पिवळी पडायला लागली होती. तिने त्यांना आधी ताटव्यात चलायची विनंती केली. एकोणसाठ झुडपांवर नावाला फळ नव्हतं. पहिल्या झुडपाची लाल दोऱ्याची फांदी मात्र चोचीसारख्या टोकदार फळांनी लगडली होती. हातच्या कांकणाला आरसा कशाला? तरी तिने सगळं सांगितलं, लांब, आखूड, तीन अर्ज, सगळं.

साहेबांचा चेहरा उतरला, पण वकिली बुद्धी शाबूत होती. आखूडवाली तर केव्हाच गेली, मग हे पराग आणले कुठून, असं त्यांनी विचारलं.

"माझ्या दारातून. तुमच्याच आदेशाने कचऱ्यात गेलेली फांदी आहे ती." तिने जपून ठेवलेला, घडी घातलेला आदेश पुढे केला. "आता कचरा उचलल्याची नोटीस काढायची असेल तर काढा."

अधिकाऱ्यांनी आदेश वाचला, सही बघितली आणि कार्यालयात टेबलाशी परतताच नोटीस रद्द असं लिहिलं. साहेबांनी घसा साफ केला. मग अगदी मऊ आवाजात म्हणाले, की उद्या येताना त्या झाडाच्या तीसेक फांद्या घेऊन या, बागेचंच काम आहे.

"लेखी अर्ज करा, साहेब."

अधिकारी बघत होते. साहेबांनी कागद ओढला, तारीख घातली आणि पेन थांबलं.

"कुणाच्या नावे करू?"

तिने नोटीस त्यांच्यापुढे सरकवली.

"यावर आहे की. पूर्ण लिहा."