सहावं ताट

मॅट्रिक पास झाल्याचा पश्चात्ताप मला आयुष्यात एकदाच झाला, तो १९७९च्या नोव्हेंबरात, देवळीच्या आमच्या घराच्या ओसरीवर. समोर खुर्चीत एक ग्रीक माणूस घाम पुसत बसला होता आणि आई माझा दंड धरून गदागदा हलवत होती. "इचार ना त्याले! मॅट्रिक कायले झाली मंग तू?"

विचारायचं एकच होतं. माझा भाऊ श्रावण जिवंत आहे की नाही.

दादा चार वर्षांपासून ग्रीक लोकांच्या एका मालवाहू जहाजावर होता, स्वयंपाकघरात मदतनीस म्हणून. कापूस वेचायचा कंटाळा, म्हणून आधी मुंबईला पळाला आणि तिथून समुद्रावर. आमच्या खानदानात विहिरीपलीकडे पाणी पाहिलेला माणूस नव्हता. जुलैत कंपनीचं इंग्रजी पत्र आलं. ते प्रभाकर मास्तरांनी वाचून दाखवलं: वादळात तुमचा मुलगा जहाजावरून बेपत्ता झाला, शोध घेतला, सापडला नाही. मास्तर 'बेपत्ता' म्हणाले आणि आईनं तेवढाच शब्द पदराला गाठ मारून ठेवला. बेपत्ता म्हणजे मेला नव्हे.

किसनकाका, माझ्या वडलांचे धाकटे भाऊ, समजावून थकले. "वहिनी, समुद्रात पडलेला मानूस वापस येत नाई. तेरवी करून टाकू, पोराचा जीव तरी मोकळा होईन." त्यावर आई म्हणायची, "जित्या लेकाची तेरवी करता काय? तुमाले लाज नाई वाटत?" पितृपक्षात काकांनी पुन्हा विषय काढला. आमच्याकडे त्या दिवशी गेलेल्या माणसाचं पान कौलावर ठेवतात, आतल्या पंगतीत कधी नाही. आईनं माझ्या वडलांचं पान कौलावर ठेवलं, आणि काकांनी दादाचं दुसरं पान पुढे केलं तेव्हा ते त्यांच्या हातातून काढून गाईपुढे टाकलं. शेवटी काकांनी भटजींना विचारून परस्पर दिवस धरला: येता सोमवार. आईनं त्यांच्याशी बोलणंच सोडलं. मी कुणाच्या बाजूची होते म्हणाल, तर कुणाच्याच नाही. सकाळी वाटायचं दादा येईल, दिवेलागणीला वाटायचं, आता कसला येतो.

आणि सोमवारच्या आधीच्या शनिवारी, दुपारी, हा माणूस वर्ध्याच्या बसमधून उतरला. पन्नाशीचा, जाडजूड, पांढऱ्या मिशांचा, खांद्याला कॅनव्हासची मोठी पिशवी. मागून निम्मी गल्ली. त्याच्या हातात दादाच्या अक्षरात लिहिलेला आमचा पत्ता होता आणि एक फोटो. फोटोत हाच माणूस आणि आमचा दादा, दोघांच्या अंगात एप्रन, दादाच्या हातात एक मोठं खोलगट भांडं, दोघंही दात काढून हसताहेत.

आईनं फोटो छातीशी धरला आणि दारातच विचारलं, "माहा श्रावण कुठी हाये?"

त्याला त्यातलं नाव तेवढं कळलं. "श्रावण," तो म्हणाला, छातीवर हात ठेवला आणि त्याचे डोळे भरून आले. आता त्यावरून काय समजायचं? माणसं जिवंत माणसाच्या आठवणीनंही रडतात. मी माझी सगळी मॅट्रिक पणाला लावून म्हणाले, "माय ब्रदर, व्हेअर?" त्यावर तो बराच वेळ बोलला, हात पसरून, आवाज चढवून, मध्येच थांबून. त्यातलं एक अक्षर इंग्रजी नव्हतं. छातीवर बोट टेकवून सांगितलेलं 'स्तावरोस' एवढं त्याचं नाव मला कळलं.

मग काकांनी जाऊन प्रभाकर मास्तरांना आणलं. मास्तरांनी तीस वर्षं इंग्रजी शिकवलेली. ते कोट घालून आले, घसा खाकरला आणि म्हणाले, "व्हॉट इज युवर नेटिव्ह प्लेस?" पाहुणा त्यांच्या तोंडाकडे बघत राहिला. मास्तरांनी हेच तीन वेळा, दर वेळी जरा मोठ्यानं विचारलं. जणू माणूस ग्रीक नव्हे, बहिरा होता. अर्ध्या तासाच्या सरबत्तीनंतर निष्पन्न एवढंच झालं, की त्याला 'शिप', 'कुक', 'गुड' आणि 'टुमॉरो' असे चार शब्द येतात, आणि जहाज मुंबईहून उद्या सुटणार, म्हणून त्याला आज संध्याकाळी परत जायचंय.

"श्रावण... अलाइव्ह?" मास्तरांनी शेवटचं विचारलं.

"अलाइव्ह," तो वर्गातल्या मुलासारखा मागून म्हणाला आणि पुढचा शब्द कधी सांगतात याची वाट पाहू लागला.

मास्तर घामाघूम. मग त्यांनी खुणेचा मार्ग धरला. डोळे मिटले, मान एका बाजूला टाकली, जीभ बाहेर काढली. आई अशी काही उसळली, की मास्तर खुर्चीसकट मागे सरकले. "माह्या घरात असं अशुभ काऊन करून राह्यले? खबरदार, मास्तर! कोणी असा हात जरी हलवला तर!" पाहुण्यानं आईकडे पाहिलं, मास्तरांकडे पाहिलं, आणि मला वाटतं त्याच क्षणी त्याला प्रश्न कळला. पण त्याच क्षणी त्याला आईसुद्धा कळली. त्याचे अर्धवट उचललेले हात खाली आले.

काय करावं कुणालाच सुचेना. ज्याला सगळं ठाऊक आहे असा जगातला एकुलता एक माणूस आमच्या ओसरीवर बसलाय, आणि त्याच्याकडून काही निघत नाही! विहिरीशी उभं राहावं आणि दोर नसावा, तशी आमची गत. माझा तर असा संताप झाला होता, की उठून त्याच्या दोन थोबाडीत द्याव्या, नाहीतर माझ्या स्वतःच्या.

तेव्हा तोच उठला. उंबऱ्याशी बूट काढले, पिशवी उचलली आणि सरळ आमच्या स्वयंपाकघरात शिरला. काकांचा चेहरा बघण्यासारखा झाला. पण आई मास्तरांना म्हणाली, "जाऊ द्या. श्रावणाच्या संगं एका भांड्यात रांधनारा हाये तो." आणि ती त्याच्यामागे गेली.

त्यानं पिशवीतून तेलाची एक बाटली काढली, मिठाच्या पाण्यात ठेवलेल्या पनीरसारख्या पांढऱ्या गोळ्याचा डबा, काळ्याशा फळांची बरणी आणि कागदाची एक पुडी. मग टोपल्यातली भेदरं, म्हणजे आमचे टमाटे, दोन काकड्या आणि कांदे स्वतःच वेचून घेतले. विळीकडे त्यानं असं पाहिलं, की ती चावते की काय. स्वतःची सुरी काढली आणि टमाट्याच्या एवढ्याल्या मोठ्या फोडी करायला लागला.

"कमले, हे काय जनावराले घालाचं हाये काय?" आई माझ्या कानात म्हणाली. आमच्याकडे कोशिंबीर म्हणजे काकडी बारीक चोचवलेली, पिळलेली, वर दाण्याचं कूट. तिच्यानं पाहवेना. तिनं त्याच्या हातातली काकडी घेतली, शेंडा कापला आणि कडूपणा निघावा म्हणून तो शेंडा काकडीवर घासून पांढरा फेस काढला.

पाहुणा एकदम ओरडला, "श्रावण!" आणि दुसरी काकडी घेऊन त्यानं हुबेहूब तसंच केलं, ओठ दाबून, मान तिरपी धरून, अगदी दादाची ढब. वर जीभ टाळ्याला लावून दादासारखा 'च्च' सुद्धा केला. आई पदर तोंडाशी धरून हसायला लागली आणि हसता हसता रडायला लागली. तिनं शिकवलेलं पोरगं समुद्रावरच्या जहाजात, कुठल्या कुठल्या काकडीचा फेस काढत उभं होतं.

मला तेव्हा कळलं तो हे का करतोय. त्याच्याजवळ सांगायला भाषा नव्हती, एवढंच येत होतं. दोघं मिळून रोज जे करायचे तेच तो आमच्या चुलीपुढे करून दाखवत होता.

पितळी परातीत फोडी पडल्या, कांद्याच्या चकत्या पडल्या, बरणीतली फळं पडली. मी एक तोंडात टाकून पाहिलं. दिसायला निंबोळी, चवीलाही जवळपास निंबोळीच, वर खारट. पांढऱ्या गोळ्याची एक जाड वडी त्यानं सगळ्याच्या वर ठेवली, आणि पुडीतला वाळका पाला तळव्यात चोळून टाकला तेव्हा घरभर ओव्यासारखा वास सुटला. मग बाटलीतलं तेल धरलं. आईनं तोवर चुलीवर पळी तापवून मोहरी टाकली होती. कच्चं तेल कोण खातं? तडतडती पळी घेऊन ती वळली, तर पाहुण्यानं दोन्ही हातांनी परात झाकली. दोघं एकमेकांकडे रागानं पाहत उभे. मग आईनंच पळी खाली ठेवली. "ठीक हाये बाप्पा. तुह्या मुलखाची रीत तुह्यी."

आईनं पाट मांडले. काका, मास्तर, पाहुणा, आई आणि मी, अशी आम्ही पाच माणसं. पाहुण्यानं फळीवरून ताटं काढली ती सहा. पाचांना वाढलं, भाकरीचा तुकडा त्या रसात कसा बुडवायचा ते दाखवलं. मग सहावं ताट आपल्या उजव्या हाताला, ओळीत मांडलं, त्यात सगळ्यांपेक्षा जास्त वाढलं, वडीचा मोठा तुकडा ठेवला आणि हलकेच म्हणाला, "श्रावण."

काकांचा घास हातातच राहिला. मास्तरांनी मान खाली घातली. त्याच्या मुलखात काय रीत असेल ती असो, पण त्याचा आवाज ऐकून आम्हा तिघांना जे वाटलं ते एकच होतं.

आईला मात्र भलतंच वाटलं. तिनं ताटाकडे पाहिलं, पाहुण्याकडे पाहिलं, आणि तिचा चेहरा असा उजळला, की मला भीती वाटली. "पाह्यलं?" ती काकांना म्हणाली, तेरवीचा दिवस धरल्यापासून पहिल्यांदा. "पंगतीत वाढलं त्यानं. आपल्या बरोबरीनं. मेलेल्या मानसाचं कोणी पंगतीत वाढते काय? सांगा ना!"

"वहिनी, त्याले आपली रीत काय ठाऊक..."

"मानूस जेवाले येनार असन तर ताट मांडतेत. तेवढं साऱ्या दुनियेले समजते. सोमवारचं भटजीले नाई म्हनून सांगजा." आणि तिनं भाकरी तेलात बुडवून घास घेतला. पाहुणा तिच्याकडे बघून हसला. तिला चव आवडली, असं त्याला वाटलं असणार. एवढ्या मोठ्या माणसानं एक ताट मांडलं आणि आपण काय करून बसलो हे त्या बिचाऱ्याला कळलंही नाही.

सहाच्या बसला त्याला पोचवायला मी गेले. स्टँडवर कापसाच्या बंड्या, म्हणजे बैलगाड्या, उभ्या होत्या. बस लागायची होती. त्यानं आजूबाजूला पाहिलं, आई नाही याची खात्री केली, आणि पिशवी खाली ठेवली.

दोन्ही हातांनी बंडीचा दांडा धरून तो डोलला: जहाज. हात उंच नेऊन खाली आपटला: लाट. मग तो चक्क पालथा पडला, धुळीत, माणसं बघत असताना, आणि एक हात खाली लोंबकळत सोडला. दुसऱ्या हातानं मला जवळ बोलावलं. मी वाकले. त्यानं माझं मनगट पकडलं, हाड दुखेल इतकं घट्ट. मग त्याची बोटं सुटायला लागली. मनगटावरून तळव्यावर, तळव्यावरून बोटांवर, शेवटी नखांवर. मग माझा हात त्याच्या हातात नव्हता. तो आपल्या रिकाम्या पंजाकडे बघत पडून राहिला.

उठला तेव्हा मिशांना धूळ लागली होती. त्यानं माझा हात आपल्या कपाळाला लावला आणि काहीतरी पुटपुटला. माफी मागत होता, दुसरं काय असणार? त्या तळव्यातून माझा भाऊ गेला होता आणि हेच सांगायला तो बोटीतून, गाडीतून, बसमधून इतक्या लांब आला होता. मला सगळं समजलं. दिवसभर समजावं समजावं म्हणून मी तडफडले होते, आणि आता समजलं तेव्हा ते परत घे म्हणायचीही सोय नव्हती. बस आली, तो चढला, गेला.

घरी आले तर काका आणि मास्तर निघून गेले होते. आईनं सहाव्या ताटावर दुसरं ताट पालथं घातलं होतं, मुंग्या लागू नयेत म्हणून खाली पाण्याची परात. ती स्वतः पुन्हा जेवायला बसली होती. चार महिने अर्ध्या भाकरीवर उठणारी बाई बोटं चाटून खात होती.

"जाता जाता काई म्हनला काय?" तिनं विचारलं. माझ्या तोंडाकडे पाहत होती. विचारताना घास हातात थांबला होता.

मी पायावर पाणी घेतलं. जितका वेळ लावता येईल तितका लावला.

"मले काय समजते त्याचं?" मी म्हणाले. "मले कुठी येते इंग्रजी."

आई हसली. "बिनकामाची मॅट्रिक," ती म्हणाली आणि आपलं ताट माझ्यापुढे सरकवलं. "घे, खाय. अन् कसं केलं त्यानं ते पक्कं ध्यानात ठेव. दादा आला का पह्यले हेच मांगन."

"हो," मी म्हणाले आणि खायला बसले.